डांग: सापुताऱ्याहून खाली उतरणाऱ्यांसाठी

नाशिककरांना सापुतारा तोंडपाठ असतो. वणीची देवी, वाटेत हातगड, मग तळ्यात बोटिंग, टेबल पॉइंटवर भाजलेलं कणीस आणि संध्याकाळी घरी. गुजरातच्या ज्या डांग जिल्ह्यात हे गाव आहे, तो मात्र घाटाखाली पसरलेला आहे आणि आपल्यापैकी फार थोडे तिथवर उतरतात. यंदा होळीच्या तोंडावर आम्ही उतरलो. पुढे जाणाऱ्यांच्या उपयोगी पडेल एवढं लिहितो.

आधी सापुताऱ्याचीच एक गोष्ट. हॉटेलांची रांग संपते तिथे नवागाम नावाची वस्ती आहे. थंड हवेचं ठिकाण उभं करायचं ठरल्यावर पठारावरच्या मूळ गावकऱ्यांना उठवून तिथे बसवलं. आज त्यांच्यातले कितीतरी जण त्याच पठारावर हातगाड्या लावतात, हॉटेलांत राबतात. बोटिंगच्या रांगेत ताटकळण्यापेक्षा नवागामात चहा घ्या, उतरण्याआधी जिल्ह्याची ओळख तिथेच होते.

सापुताऱ्याहून घाट उतरला की शामगहान लागतं. तिथून एक रस्ता आहव्याला जातो, दुसरा वघईला. आहवा हे जिल्ह्याचं ठाणं, सापुताऱ्याहून साधारण ४० किलोमीटर. नाशिक ते सापुतारा ८० किलोमीटरच्या आसपास, म्हणजे सकाळी निघालात तर दुपारच्या जेवणाला आहव्यात. पेट्रोल वरच भरून घ्या. रस्ते चांगले आहेत, पण वळणं संपता संपत नाहीत. गाडी लागणाऱ्यांनी पोटात काहीतरी हलकंच ठेवावं.

जिल्हा केवढा म्हणाल, तर सुमारे १,७६४ चौरस किलोमीटर. २०११च्या जनगणनेत लोकसंख्या सव्वादोन लाखांच्या थोडी वर, गुजरातमध्ये सगळ्यांत कमी. शंभरातले जवळजवळ ९५ जण आदिवासी: कुणबी म्हणजेच कोकणा, भिल्ल, वारली, गामित, आणि संख्येने थोडे कोटवाळिया आणि काथोडी. सुरगाणा-पेठकडच्या माणसाला इथलं बोलणं ऐकून परक्या मुलखात आल्यासारखं वाटत नाही. आम्हाला कुठेच दुभाषा लागला नाही. पाट्या गुजराती, बाजारातलं बोलणं डांगी, आणि आमचं मराठी सगळ्यांना कळत होतं.

यामागे जुना वाद आहे. एकोणिसाव्या शतकात डांगचा कारभार खानदेशच्या कलेक्टरकडे होता. स्वातंत्र्यानंतर डांग मुंबई राज्यात आला आणि तो मराठी की गुजराती यावर रण पेटलं. १९४९ साली मुख्यमंत्री बाळासाहेब खेर आणि गृहमंत्री मोरारजी देसाई इथे दौऱ्यावर आले. डांगी बोली गुजरातीला जवळची, असा कौल या दौऱ्यातून निघाला आणि मराठी बाजूने एकच गदारोळ झाला. आहव्यात स्वराज आश्रम उभारून काम करणारे छोटुभाई आणि घेलुभाई नायक हे गांधीवादी बंधू गुजरातच्या बाजूचे. अखेर १ मे १९६० रोजी डांग गुजरातमध्ये गेला. माझ्या मते खुद्द डांगी माणसाला या भांडणात फारसं कुणी विचारलं नाही. आहव्याच्या बाजारात एका म्हाताऱ्या बाबांकडे मी हा विषय काढला, तर ते म्हणाले, "भाऊ, साहेब तिकडून आला काय नि इकडून आला काय, लाकडाला परवानगी लागतेच."

डांगचा सगळा इतिहास या लाकडाभोवती फिरतो. इथला साग मुंबईच्या गोदीत जहाजांसाठी हवा होता. जंगल होतं भिल्ल राजांच्या ताब्यात: गाढवी, लिंगा, दहेर, पिंप्री आणि वासुर्णा असे पाच राजे, शिवाय त्यांचे नाईक. इंग्रजांना डांग कधीच जिंकता आलं नाही, असं इथे अभिमानाने सांगतात, आणि लष्करिया आंबा नावाच्या ठिकाणाजवळच्या लढाईची गोष्टही ऐकवतात. ऐकायला छान आहे, पण कागद वेगळं बोलतात. ज्या जेम्स औट्रमने आपल्या धरणगावात भिल्ल पलटण उभी केली, तोच १८३०मध्ये फौज घेऊन डांगात शिरला होता. एवढं मात्र खरं, की नुसत्या बंदुकीवर जंगल हाती येत नाही हे इंग्रज ओळखून होते. म्हणून १८४०च्या दशकात त्यांनी राजांकडून जंगल पट्ट्याने घेतलं आणि दरसाल पैसे बांधून दिले. पुढे राखीव जंगलाच्या रेषा आखल्या गेल्या आणि डोंगरउतारावरची फिरती शेती आक्रसत गेली.

पट्ट्याचे ते पैसे वाटायला जो दरबार भरे, तोच आजचा डांग दरबार. होळीच्या आधी तीन-चार दिवस आहव्यात ही जत्रा भरते. पाचही राजे फेटे बांधून सजवलेल्या बग्ग्यांतून मिरवत येतात, बऱ्याचदा राज्यपाल हजर असतात, आणि जाहीर समारंभात राजांना पेन्शन दिलं जातं. १९७१मध्ये देशभरातल्या संस्थानिकांचे तनखे बंद झाले, पण हे पेन्शन चालू राहिलं, कारण ते जंगलाच्या हक्कापोटी आहे. बग्गीतून उतरलेला राजा चार दिवसांनी आपल्या शेतात दिसतो. ही घराणी साध्या घरांत राहतात, रक्कमही फार मोठी नाही. पाहुणे मंडळी राजासोबत सेल्फी काढून हसत होती, ते मला आवडलं नाही. फोटो हवा असेल तर विचारून काढा आणि आधी रामराम करा.

दरबार बघायचा असेल तर आहव्यातली खोली महिनाभर आधी धरा, नाहीतर सापुताऱ्याहून ये-जा करावी लागते. मिरवणूक सकाळी असते, खरा रंग रात्री. पावरी वाजायला लागली की जत्रेतली पोरं-पोरी एकमेकांच्या कमरेला धरून साखळी करतात. पावरी जवळून बघा: वाळलेला दुध्या, त्यात बसवलेल्या नळ्या, पुढे शिंगासारखं तोंड, आणि वर मोरपिसं. वाजवणारा गाल फुगवून श्वास तुटू न देता वाजवत राहतो आणि नाचणारे थकले तरी तो थांबत नाही. थाळीवरची कथा ऐकायला मिळाली तर सोडू नका. काशाच्या थाळीत मेणाने एक काडी उभी चिकटवतात. तिच्यावरून बोटं ओढत गेलं की थाळी गुणगुणायला लागते आणि त्या सुरावर देवादिकांची कथा रात्रभर चालते.

होळीलाच का जायचं, याला आणखी एक कारण आहे. दिवाळी झाली की डांगातली कितीतरी कुटुंबं दक्षिण गुजरातच्या साखर कारखान्यांकडे ऊसतोडीला जातात. हिवाळ्यात हवा सुरेख असते, पण गावात म्हातारे आणि पोरंच भेटतात. होळीसाठी, म्हणजे शिमग्यासाठी, माणसं परततात. धबधबे बघायचे तर ऑगस्ट-सप्टेंबर गाठा: वघईजवळचा अंबिकेवरचा गिरा धबधबा आणि सुबीर तालुक्यातला गिरमाळ. भर पावसात घाटात दरडी येतात, म्हणून निघण्याआधी फोन करून रस्ता चालू आहे का विचारा. गिराच्या खडकांवर उतरू नका, दरवर्षी कुणीतरी उतरतंच.

खाण्याचं सांगायचं तर बचत गटातल्या बायका चालवतात ती नाहरी केंद्रं शोधा. नागलीची म्हणजे नाचणीची भाकर, उडदाची घट्ट डाळ, मिरचीचा ठेचा, मोसमात बांबूच्या कोंबांची भाजी. भाकर मागितल्यावर थापतात, त्यामुळे घाईने जाऊ नका. आमच्या ताईंनी भाकर पळसाच्या पानावर थापून पानासकट तव्यावर टाकली, वरची बाजू सुकल्यावर पान सोललं, आणि त्याच्या शिरा भाकरीवर जशाच्या तशा उमटलेल्या. निघताना नागलीचं पीठ विकत घ्या. २०२१ साली डांग हा संपूर्ण नैसर्गिक शेतीचा जिल्हा म्हणून जाहीर झाला. खरं तर रासायनिक खत इथे आधीही फार पोचलं नव्हतं.

वाटेत गावाच्या शिवेवर वाघ, नाग, सूर्य, चंद्र कोरलेले लाकडी खांब दिसतील. तो वाघदेव. डांगातून वाघ गेला, देव राहिला. बिबटे आहेत, म्हणून अंधार पडल्यावर महाल गावच्या जंगलात पायी भटकू नका. पूर्णा अभयारण्यात नदीकाठी महालचा वनखात्याचा तंबू-मुक्काम आहे, तिथे आधी नोंदणी लागते.

धर्माचा विषय अनोळखी माणसापाशी काढू नका. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून इथे मिशनऱ्यांचं काम आहे. १९९८च्या नाताळात प्रार्थनाघरांवर हल्ले झाले, २००६मध्ये सुबीरजवळ हिंदू संघटनांचा शबरी कुंभ भरला. तिथल्या शबरीधाम मंदिरात जरूर जा, पण गावात कोण कुठल्या देवाचं हे विचारत बसू नका. लोक त्यापेक्षा सरिता गायकवाडबद्दल आनंदाने बोलतात. २०१८च्या आशियाई स्पर्धेत ४ x ४०० मीटर रिलेत सुवर्ण मिळवणाऱ्या भारतीय संघातली ही डांगची मुलगी.

गुजरातेत दारूबंदी आहे आणि सीमेवर गाड्या तपासतात, तेव्हा बाटली घरीच ठेवा. मोहाची कुठे मिळेल हेही गावात विचारू नका, पकडला गेला तर त्रास गावकऱ्याला होतो. रोख पैसे जवळ असू द्या, कारण जंगलात शिरलं की नेटवर्क जातं आणि मोबाइलवरून पैसे देणं राहतंच. आठवडे बाजाराचा वार आधी विचारून त्या दिवशीच आहवा किंवा वघई गाठा. कोटवाळियांच्या बांबूच्या टोपल्या आणि सुपं तिथे मिळतात. घासाघीस करू नका. एक बांबू चिरून, तासून, पट्ट्या काढून टोपली होईपर्यंत किती वेळ जातो ते शेजारी बसून बघितलंत, तर करवणारही नाही.

परतीला वेळ असेल तर वघईहून बिलिमोऱ्याची छोटी गाडी घ्या. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांच्या काळातली, ६३ किलोमीटरची ही अरुंद रेल्वे. सागाचे ओंडके खाली न्यायला बांधलेली, आता माणसं नेते. तीनेक तास लागतात. मध्यंतरी बंद पडली होती, २०२१मध्ये पुन्हा सुरू झाली, म्हणून वेळापत्रक स्टेशनवर विचारूनच बेत आखा. बिलिमोऱ्याला मुंबईची गाडी मिळते. स्वतःची गाडी असेल तर एकाने ती रस्त्याने बिलिमोऱ्याला न्यावी आणि बाकीच्यांनी रेल्वेने यावं. आमच्यात त्यासाठी चिठ्ठ्या टाकाव्या लागल्या.