अनिकेतचं गृहकर्ज

"अनिकेत? आणि घरासाठी कर्ज?" फाइलवरचं नाव वाचून बँकेत शेजारी बसलेले आजोबा खुदकन हसले.

मी नुसताच बघत राहिलो.

"अहो, निकेत म्हणजे घर. अनिकेत म्हणजे ज्याला घरच नाही तो!"

पस्तीस वर्षं हे नाव वापरतोय. शांतिनिकेतन कैकदा ऐकलं, वाचलं, पण त्यातलं निकेत आपल्याच नावात बसलंय हे कधी डोक्यात आलं नाही. त्या पुढच्या एवढ्याशा 'अ'नं पार बेघर केलं की!

घरी येऊन आईला फोन लावला. ती शांतपणे म्हणाली, "गीतेतलं आहे ते. बारावा अध्याय काढ."

काढला. 19वा श्लोक, 'अनिकेतः स्थिरमतिः'. कुठल्याच घरात न अडकलेला, स्थिर बुद्धीचा भक्त कृष्णाला प्रिय. आणि त्यावर ज्ञानेश्वरीत माउली काय म्हणतात? 'हें विश्वचि माझें घर.' लहानपणापासून ऐकलेली ओवी, आणि ती चक्क माझ्या नावावरची!

बाकी स्थिरमती वगैरे ठीक आहे, हप्ता वीस वर्षांचा आहे.

उद्या परत बँकेत जायचंय, एक सही राहिलीय. ते आजोबा भेटले तर ही ओवी ऐकवू का?