जोजवण आणि न थांबलेले टाळ

आई दहा वर्षं मागे लागली होती, पण मी वारीला गेलो तो भाचीच्या एका प्रश्नामुळे. हे आईला सांगितलेलं नाही.

भाची अकरा वर्षांची. तिच्यासाठी मी रात्री एक गोष्ट लिहितो. त्यात निजगड नावाचा गड आहे, गडाखाली एक देव झोपलेला आहे, आणि तो जागा होऊ नये म्हणून वर चाळीस गाणारे पाळीपाळीनं एकच गाणं गातात. गाण्याचं नाव जोजवण. ते कधी थांबलेलं नाही. एक सूर जरी हलला तरी देव कूस बदलतो आणि पायथ्याचं एखादं गाव गाडलं जातं. म्हणून चुकणाऱ्याची जीभ कापतात. (जिभेचा भाग तिला फार आवडला.) ही कल्पना कुठून आली ते ग्वाल्हेरकराला सांगायला नको. ग्वाल्हेरच्या लष्कर भागात, किल्ल्याच्या सावलीत वाढलेल्या पोराला डोंगराखाली कोणीतरी झोपलंय असं वाटणारच. आणि गाणं म्हणजे तालीम. सूर जरा इकडेतिकडे झाला की गुरुजी काही न बोलता तंबोऱ्याच्या भोपळ्यावर बोटानं टक् करायचे. ती टकटक अजून कानात आहे.

तर भाची म्हणाली, ‘‘मामा, त्या गाणाऱ्याला शिंक आली तर?’’

तीन महिने उत्तर सुचेना. गोष्ट तिथंच अडली. शेवटी रजा टाकली आणि झेलम एक्सप्रेसनं पुणं गाठलं.

आळंदीला आधी हैबतबाबांच्या पायरीवर डोकं टेकलं. हे हैबतराव आरफळकर आमच्या ग्वाल्हेरच्या शिंदे सरकारच्या पदरी होते. दरबार सोडून आळंदीला आले आणि १८३२च्या सुमारास त्यांनी माउलींच्या पालखीला आजचं रूप दिलं. रथापुढे २७ दिंड्या, बाकीच्या मागे, प्रत्येकीची जागा ठरलेली, कधी काय गायचं तेही ठरलेलं. सगळी लष्करी शिस्त. दिंडीत माझ्या शेजारी मराठवाड्याकडची एक आजी होती. तिला मी अभिमानानं सांगितलं, की या वारीत थोडं ग्वाल्हेर आहे. ती म्हणाली, ‘‘असंल की माउली. फुडं सरका, खंड पडतोय.’’

पहिले दोन दिवस या आजीनं माझा जीव खाल्ला. प्रत्येक चरण ती अर्धी ओळ उशिरा उचलायची. विणेकरी पुढच्या चरणावर गेलेले असायचे आणि ही मागचाच धरून. पट्टी तर तिची स्वतःची, कुठल्याच पेटीत न सापडणारी. मी कान बंद करून मृदंगाकडे लक्ष द्यायचा प्रयत्न करत होतो. वारकरी चाली उंच सुरात असतात, छातीतून गाव्या लागतात. माझा गळा बैठकीत वाढलेला. पुण्यापर्यंतच त्याच्या चिंध्या व्हायला लागल्या होत्या.

पुणे ते सासवड हा सगळ्यात लांबचा पल्ला, आणि त्यात दिवेघाट. रथाला जादा बैलजोड्या जुंपतात, पाऊस तिरपा येतो, आणि वळणावरून मागे पाहिलं तर घाटभर पताका. घाटाच्या मध्यावर माझा आवाज गेला. बसला नाही, गेलाच. तोंड उघडलं तर नुसती हवा. मला खरोखर भीती वाटली. वेडेपणा आहे, पण मी खाली दरीकडे पाहिलं, काही कोसळतंय का म्हणून.

माझ्या तोंडातून जो चरण निघायला हवा होता, तो आजी म्हणत होती. अर्धी ओळ उशिरा. तिचा संपतो तोच वळणाच्या वरच्या अंगाला पुढच्या दिंडीची गवळण ऐकू आली, खालून मागच्या दिंडीचे टाळ आले. कोणाचाच कोणाशी मेळ नव्हता. बैठकीत हे ऐकलं असतं तर उठून गेलो असतो. पण घाटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गाणं नाही अशी एक हातभर जागा सापडली नसती. विणेकऱ्यांना पाणी प्यायचं होतं, तर त्यांनी वीणा खाली टेकवली नाही. दुसऱ्याच्या गळ्यात घातली, दोघं एकमेकांच्या पाया पडले, आणि हे सगळं चालता चालता.

म्हणजे शिंक आली तर शेजारचा गातो. उत्तर एवढं सोपं होतं आणि मला त्यासाठी तीन महिने, रजा आणि गळा घालवावा लागला. सासवडला पायाचे फोड फोडत बसलो असताना जीभ कापण्याचं प्रकरण मनातल्या मनात खोडून टाकलं. भाची रुसणार होती, इलाज नव्हता.

पण खरी गंमत जेजुरीला झाली. भंडाऱ्यानं सगळे पिवळे झालेले. संध्याकाळी समाजआरतीला तळावर दिंड्या पालखीभोवती गोल उभ्या राहिल्या, सगळ्यांचे टाळ एकदम चाललेले, शेजारच्याचं बोलणंही ऐकू येईना. चोपदारांनी दंड उंच केला, ‘होऽऽ’ असा पुकारा केला आणि सगळं थांबलं. इतके टाळ, इतके मृदंग, एका क्षणात गप्प. देव जागा व्हायचा तर आत्ताच, असं माझ्या मनात आलं.

आणि त्या शांततेत लांब एका कोपऱ्यात टाळ वाजतच राहिले. टक् टक् टक्.

‘‘चुकले का हो?’’ मी घशातल्या घशात विचारलं.

‘‘चुकत्यात कशाला,’’ आजी म्हणाली. ‘‘त्यांची तक्रार हाय. दंड वर गेल्यावर जी दिंडी वाजवती, तिच्याकडं चोपदार जातात. ऐकून घेतल्याबिगर आरती न्हाई.’’

चोपदार गेले. काहीतरी बोलणं झालं. मला वाटतं जागेवरून किंवा पाण्यावरून असावं. टाळ थांबले. मग हरवलेल्या-सापडलेल्या वस्तू पुकारल्या, दुसऱ्या दिवशी निघायची वेळ सांगितली, आरती झाली.

राहुटीत झोप लागेना. इतकी वर्षं निजगडाखालचा देव कूस बदलतोय आणि वरचे चाळीस जण आणखी जोरात गातायत. कोणी दंड वर केला नाही. कोणी थांबून खाली गेलं नाही.

सकाळी वाल्ह्याच्या वाटेवर भाचीला फोन लावला. आवाज अजून फाटकाच होता. जोजवण थांबवायचं ठरवलंय, एवढं तिला कसंबसं सांगितलं.

‘‘आणि देव उठला तर?’’

‘‘उठू दे. त्याची काही तक्रार असेल.’’

ती जरा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘‘काय तक्रार?’’

मागून आजीनं पाठीला बोट लावलं. खंड पडत होता.