अर्धाच वाचलेला रूल

मावशींनी समन्स टेबलावर ठेवलं ते चुरगळलेलंच होतं. “वकीलबाई, दोन वर्षांपूर्वी तुम्हीच म्हणालात ना, घर वाचलं म्हणून? मग हे काय?”

ही २००८ची गोष्ट. सनद मिळून मला जेमतेम चार वर्षं झाली होती, म्हणजे माहिती कमी आणि खात्री जास्त असं वय.

मावशींच्या यजमानांनी १९९८मध्ये चुलत भावाकडून टेम्पोसाठी ४० हजार घेतले होते. पेठेतलं घर गहाण ठेवलं, पण ताबा न देता. नोंदवलेलं साधं गहाणखत, फेड दोन वर्षांत. टेम्पोचा धंदा काही चालला नाही. २००२मध्ये भावाने दावा लावला तो नुसत्या रकमेचा. फेडीची जबाबदारी कर्ज घेणाऱ्याने स्वतःवर घेतलेली असली की असा दावा लावता येतो. दावा चालू असतानाच यजमान गेले आणि मावशी वारस म्हणून रेकॉर्डवर आल्या. २००५मध्ये रक्कम फेडायचा हुकूमनामा झाला, मग त्याच्या वसुलीची दरखास्त आली आणि दरखास्तीत भावाने थेट घराचाच लिलाव मागितला.

तेव्हा आमच्या सरांनी, म्हणजे मी ज्यांच्या हाताखाली होते त्या वकिलांनी, सीपीसीतला (दिवाणी प्रक्रिया संहितेतला) ऑर्डर ३४ रूल १४ काढला होता. गहाणातून निघालेल्या रकमेचा हुकूमनामा हातात आहे म्हणून गहाण मिळकत त्याच दरखास्तीत विकता येत नाही. विकायची तर गहाणावरून विक्रीचा वेगळा दावा लावावा लागतो. अर्ज मी लिहिला, मंजूर झाला. मावशींनी ऑफिसात पेढे वाटले. मी दोन खाल्ले.

आणि आता भावाने तो वेगळा दावा लावला होता.

माझं उत्तर तयार होतं: ऑर्डर २ रूल २. एका कारणावरून जे मागायचं ते एकदाच मागा, मागे ठेवलं ते गेलं. त्या रूलखालचं उदाहरण लॉ कॉलेजात पाठ झालेलं. घराचं भाडं वर्षाला १२०० रुपये. १९०५, १९०६ आणि १९०७ अशी तीन वर्षं थकलेली. मालकाने १९०८मध्ये दावा लावला तो फक्त १९०६च्या भाड्याचा. बाकीच्या दोन वर्षांच्या भाड्यावर पाणी. (शंभर वर्षं झाली, त्या घरमालकाची कोणाला दया आलेली नाही.) मी मावशींना ठणकावून सांगितलं, “एकदा दावा झालाय. दुसरा टिकतच नाही.” आणि कैफियतीचा, म्हणजे दाव्याला द्यायच्या लेखी उत्तराचा, मसुदा सरांपुढे नेऊन ठेवला.

सरांनी पहिलं पान वाचलं आणि बेअर अ‍ॅक्ट, कायद्याचं नुसतं मूळ कलमांचं पुस्तक, माझ्याकडे सरकवला. “दरखास्तीत वापरलास तो रूल काढ. शेवटपर्यंत वाच.”

‘वेगळा दावा लावावा’ याच्या पुढे, त्याच वाक्यात होतं: ऑर्डर २ रूल २मध्ये काहीही असलं तरी असा दावा लावता येईल. दोन वर्षांपूर्वी हवं ते सापडल्याबरोबर मी वाचायची थांबले होते.

मग मुदतीकडे वळले. गहाण मिळकतीवरून पैसे वसूल करायला रक्कम देय झाल्यापासून १२ वर्षं मिळतात; इथे २०००पासून आठच झालेली. रकमेचा वाद नव्याने काढावा, तर तो पहिल्या दाव्यात ठरून गेलेला. एकदा ठरलेलं पुन्हा उकरता येत नाही, हा प्राङ्न्याय आडवा.

मावशींना पुन्हा बोलावून हे सांगताना घसा कोरडा पडला. पण सांगता सांगताच मला त्या रूलमागचं कारण कळत गेलं. दरखास्तीत लिलाव झाला असता, तर घर सोडवायचा मावशींचा हक्कच उडाला असता. गहाणाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, हिशेब ठरतो, पैसे भरायला सहा महिन्यांपर्यंत मुदत मिळते. ती चुकली तरी कोर्ट विक्री कायम करेपर्यंत पैसे भरता येतात. लिलाव झालेला असेल तर त्या किमतीच्या पाच टक्के जादा द्यावे लागतात, एवढंच. भावाला कायदा दुसऱ्यांदा कोर्टात येऊ देत होता, तो मावशींच्या सोयीसाठी. मावशींना हे पटलं असं मी म्हणणार नाही. त्या एवढंच म्हणाल्या, “म्हणजे परत तारखा.”

आज माझ्याकडे बहुतेक प्रकरणं बँकांची येतात. २००२च्या सरफेसी कायद्याखाली बँक कोर्टात न जाता गहाण मिळकत विकू शकते, आणि कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज चालू असतानाही तशी नोटीस काढू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६मध्ये सांगून टाकलं. शेतजमीन मात्र त्या कायद्यातून वगळलेली. पक्षकार विचारतो, “एकाच कर्जाला दोन-दोन ठिकाणी?” मी हल्ली लगेच उत्तर देत नाही.

मावशींच्या दाव्यात एका गोष्टीवर मात्र मी भांडले. टेम्पो जप्त होऊन विकला गेला होता, त्याचे ११ हजार दरखास्तीत जमा होते. ते नव्या हिशेबात धरलेच नव्हते. ते वजा करून घेतले. २०११मध्ये प्राथमिक हुकूमनामा झाला आणि पाचव्या महिन्यात मावशींच्या मुलाने रक्कम कोर्टात भरली.

मावशी पेढे घेऊन आल्या तेव्हा मीच त्यांना थांबवलं. सिटी सर्व्हेमधून बोजा कमी झालेली मिळकत पत्रिका हातात आली, ती खालच्या शिक्क्यापर्यंत वाचली, मग खोका उघडला.