रोपांच्या यादीकडून स्लॅबच्या ड्रॉइंगकडे : आमची वाटचाल

बंगल्यांच्या पुण्यात बाग म्हणजे पुढे लॉन, कंपाउंडलगत मेंदीची कड आणि कोपऱ्यात नारळ. आमच्या फर्मची सुरुवात याच कामांवर झाली. ती सोपी होती, कारण चुकलं तरी खालची जमीन सांभाळून घ्यायची. पुढे बंगल्यांच्या जागी सोसायट्या आल्या, पार्किंग खाली गेलं आणि बाग पोडियमवर, म्हणजे पार्किंगच्या छतावर चढली. तिथून धंद्याची तऱ्हाच बदलली. आता रोपांची यादी शेवटी होते. पहिली बैठक आरसीसी कन्सल्टंट, म्हणजे इमारतीचा सांगाडा डिझाइन करणाऱ्या इंजिनिअरबरोबर.

कारण साधं आहे, वजन. ओली माती घनमीटरला १.८ ते २ टन भरते. लॉनला २० ते ३० सेंटीमीटर माती पुरते, झुडपांना ४५ ते ६०, छोट्या झाडाला मीटरभर तरी हवी. म्हणजे झाडाच्या जागी दर चौरस मीटरला दोन टनांच्या आसपास भार, आणि झाड वाढेल तसा त्यात त्याचाही. हे स्लॅब डिझाइन होतानाच सांगावं लागतं. झाडं कॉलमच्या माथ्यावर घेतली तर काम निभतं. कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), परलाइट (फुलवलेले हलके खडे) घालून माती हलकी करता येते, पण कोकोपीट कुजतं, माती खाली बसते आणि दोन-तीन वर्षांत झाडांची मुळं उघडी पडायला लागतात. म्हणून कोकोपीट आम्ही चौथ्या हिश्श्याच्या वर जाऊ देत नाही. इमारत उभी राहिल्यावर ‘आता जरा हिरवं करून द्या’ म्हणून येणारी कामंही घेतो. तिथे मोठ्या झाडाचं आश्वासन मात्र देत नाही.

पोडियमवरची बाग बहुधा पाण्यानेच बिघडते. माती पडण्याआधी वॉटरप्रूफिंगवर ७२ तास पाणी तुंबवून खालून छत तपासायचं. मग प्रोटेक्शन स्क्रीड (वॉटरप्रूफिंग जपणारा सिमेंटचा थर), रूट बॅरियर (मुळं अडवणारा थर), ड्रेन सेल (पाणी वाहून नेणारे प्लास्टिकचे पोकळ साचे), जिओटेक्स्टाइल (पाणी सोडणारं, माती अडवणारं कापड) आणि त्यावर माती. खरी गोम आउटलेटपाशी असते. स्लॅबच्या आउटलेटवर नुसती जाळी टाकून माती लोटली, तर पहिल्याच पावसाळ्यात गाळ आणि बारीक मुळं मिळून तोंड बुजवतात, वरची माती आंबते आणि झाडं पिवळी पडतात. माळी खत वाढवतो, झाडं आणखी पिवळी! आम्ही प्रत्येक आउटलेटवर मातीच्या पातळीपर्यंत येणारी, बाजूंनी भोकं असलेली चौकोनी चेंबर बसवतो. भोवती जिओटेक्स्टाइल, मग १५ सेंटीमीटर खडी, वर उचलता येणारं झाकण. वड-पिंपळ-उंबराला पोडियमवर मज्जाव.

जमिनीवरच्या कामातही पुणं एकसारखं नाही. बाणेर-पाषाणकडे टेकडीच्या उतारावर वीतभर मातीखाली मुरूम आणि मग काळा कातळ. नदीकाठच्या जुन्या शेतजमिनींवर खोल काळी माती. ती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते आणि पेव्हर ब्लॉक उचलते. कातळात एक मीटरचा चौकोनी खड्डा घेऊन त्यात पोयटा भरला की तो पावसाळाभर हौद होतो आणि मुळं कुजतात. म्हणून सुटे खड्डे न घेता सलग चर घेतो, एका टोकाला पाण्याला वाट ठेवतो आणि निघालेला मुरूम निम्मा तरी परत मातीत मिसळतो. रोप पिशवीतून काढल्यावर तळाशी मुळांचं वेटोळं झालेलं असेल तर बाजूंनी उभे काप देतो, नाहीतर ते पुढेही गोलच वाढतं आणि मोठं झाड वाऱ्यात मुळासकट आडवं होतं.

उतारावर वारस, पळस, बहावा, आपटा; पाणी मुरतं तिथे ताम्हण आणि अर्जुन. गुलमोहराचा आग्रह अजून धरला जातो. मे महिन्यात तो फुललेला पाहून गिऱ्हाईक भाळतं, आणि त्याच मेच्या वळवात फांदी गाडीवर पडते. मूळचा मादागास्करचा, लाकूड ठिसूळ. पार्किंगपासून लांब जागा असेल तर लावतो, आमचं त्याच्याशी वैर नाही.

अलीकडे जास्त मागणी रेन गार्डनची, म्हणजे छतावरचं पावसाचं पाणी जिरवणाऱ्या, झाडं लावलेल्या खळग्याची. १००० चौरस मीटर छतावर २५ मिलीमीटर पाऊस पडला की २५,००० लिटर पाणी. १५ सेंटीमीटर खोल, १०० चौरस मीटरचा खळगा त्यातलं १५,००० धरतो. उरलेलं ओव्हरफ्लोने पावसाळी गटारात. सोसायटीच्या बैठकीत पहिला प्रश्न डासांचा येतो आणि तो रास्त आहे. अंड्यापासून उडता डास व्हायला साधारण आठवडा लागतो, म्हणून खळगा ४८ तासांत कोरडा व्हायलाच हवा. आधी ६० सेंटीमीटरचा खड्डा पाण्याने भरून जिरू द्यायचा, पुन्हा भरून पातळी मोजायची. दिवसभरात १५ सेंटीमीटरही उतरली नाही, तर ती जागा सोडायची.

उन्हाळ्यात लॉन चौरस मीटरला रोज चार-पाच लिटर पाणी पितं, म्हणून मुलांच्या खेळण्यापुरतंच ठेवतो. बाकी ठिबक, तेही एसटीपीच्या, म्हणजे सोसायटीच्या शुद्ध केलेल्या सांडपाण्यावर. त्याला डिस्क फिल्टर लागतो, लॅटरलची (ठिबकच्या बारीक नळ्यांची) टोकं पंधरवड्याने उघडून धुवावी लागतात, आणि मातीवर पांढरा थर दिसला की साध्या पाण्याने क्षार खाली धुवून काढावे लागतात. ही कामं, तसंच मेअखेर सगळ्या आउटलेट चेंबरची सफाई, देखभालीच्या करारात आम्ही वेगळी लिहितो. करार दोन पावसाळे आणि मधल्या उन्हाळ्याचा. त्याहून कमी मुदतीचा घेत नाही.