पॅरिसची जुनी वांड कार्टी

इथे पाहुणे आले की आयफेल टॉवर आणि लूव्र ठरलेलंच, पण सोबत पोरंटोरं असतील तर मी त्यांना गोबलाँ भागातल्या, पाथे या जुन्या फ्रेंच सिनेमा कंपनीच्या फाउंडेशनमध्ये मूकपट बघायला नेते. तळघरात छोटंसं थिएटर, पडद्याशेजारी पियानो, आणि वाजवणारा सिनेमा बघत बघत सुचेल तसं वाजवतो. आवाज नाही म्हणून आधी कुरकुरणारी पोरं पाच मिनिटांत खिदळायला लागतात.

तसं बघितलं तर पडद्यावरच्या विनोदाची सुरुवातच एका कार्ट्याने केलीय. ल्युमिएर बंधूंचा (हेच ते, ज्यांचे सिनेमाचे खेळ ७ जुलै १८९६ ला आपल्या मुंबईत वॉटसन हॉटेलात झाले) १८९५ चा जेमतेम मिनिटभराचा सिनेमा. माळी पाइपने पाणी घालतोय, मागून पोरगा येऊन पाइपवर पाय देतो, पाणी बंद, माळी नळीच्या तोंडात डोकावतो आणि नेमका तेव्हाच हा पाय काढतो. पण मला पुढचं जास्त आवडतं. पोरगा पळतो, माळी त्याला कडेला गाठतो आणि तिथेच न बदडता ओढत ओढत पुढे आणून मग फटके देतो, कारण कॅमेरा जागचा हलत नाही ना!

पुढे गोमाँ या सिनेमा कंपनीत दिग्दर्शक लुई फ्युयादने असल्या पोरांची सिरीजच काढली. १९१० पासून पाचेक वर्षांचा 'बेबे', सिनेमामागून सिनेमे, तुफान हिट. मग त्याच्या घरच्यांशी पैशावरून बिनसलं. पण फ्युयाद पक्का, त्याने १९१२ मध्ये बेबेच्याच सिनेमात दत्तक भाऊ म्हणून दुसरं पोर घुसवलं आणि बघता बघता तेच हिरो झालं. त्याचं नाव बू द झाँ, म्हणजे ज्येष्ठमधाच्या काळ्या गोळीचा तुकडा. बेबे चांगल्या घरातला, टापटीप, हा ढगळ कपड्यातला, चाल एकदम गल्लीतल्या दादाची. १९१३ च्या एका सिनेमात तर हा चक्क हत्ती चोरतो! खरं सांगू, मला बेबेपेक्षा हाच आवडतो, गोडगोड वागायचं नाटक करत नाही. फ्युयादने पुढे त्याला आपल्या 'ज्युदेक्स' या गुन्हेगारी मालिकेतसुद्धा घेतलं.

आणि बेबे? तो मोठेपणी रने दारी नावाने नट झाला, १९५४ मध्ये फ्रेंच स्टार जाँ गाबँबरोबर एका गाजलेल्या सिनेमात दरोडेखोर होता. सासूबाईंना हे सांगितलं तर म्हणाल्या, "वाटलंच होतं मला."