शनिवारी मशीद बंदरला

सियोना बेंजामिन यांची चित्रे मी प्रथम संगणकाच्या पडद्यावर पाहिली आणि त्यांतली निळ्या कांतीची बाई बघून मला कृष्ण आठवला. चित्रकर्त्री मुंबईत वाढलेल्या बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यू. शाळा कॅथलिक आणि पारशी, पुढे अमेरिकेत चित्रकलेबरोबर नाट्यनेपथ्याचेही शिक्षण, आणि वास्तव्य तिथेच. त्यांच्या लेखी तो निळा आकाशाचा आणि समुद्राचा, म्हणजे कुठल्याच एका देशाचा नसलेला. समुद्राच्या उल्लेखाशी मी थबकलो, कारण बेने इस्रायलींची कथाच समुद्रातून सुरू होते: अलिबागजवळ नवगावला गलबत फुटले, सात जोडपी किनाऱ्याला लागली, त्यांनी तेलाचा घाणा धरला आणि शब्बाथला, म्हणजे ज्यूंच्या शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, तो बंद ठेवत म्हणून लोक त्यांना 'शनिवार तेली' म्हणू लागले. आमचे मूळ गाव चौल असल्याने ही कथा मला लहानपणापासून पाठ आहे.

इतकी पाठ असूनही मुंबईला गेलो तो नेमका शनिवारी! सीएसएमटीनंतरच्या पहिल्याच स्टेशनवर, मशीदला उतरलो आणि हातगाड्या चुकवत सॅम्युअल स्ट्रीटवरच्या शार हरहामीम या सिनेगॉगपाशी (ज्यूंच्या प्रार्थनास्थळापाशी) पोहोचलो, तर पहारेकऱ्याने 'आज प्रार्थना आहे, उद्या या' म्हणून दारातूनच परत पाठवले.

त्या रात्री मित्राकडे पडल्या पडल्या मनात घोळत राहिले ते या जागेचे नाव. ज्या मशिदीवरून स्टेशनचे नाव पडल्याचे सांगतात ती हीच, कारण बेने इस्रायली आपल्या सिनेगॉगला 'मशीद'च म्हणत. 1796 साली ते बांधणारे सॅम्युअल दिवेकर कंपनी सरकारच्या फौजेत होते आणि त्यांचे घरगुती नाव सामाजी हसाजी. दोन संस्कृतींत वाटले जाणे परदेशी गेल्यावर सुरू होते, असे मी धरून चाललो होतो. इथे एकाच माणसाला दोन नावे होती आणि दोन्ही याच गल्लीतली.

रविवारी आत गेलो. मध्यभागी तेवा, म्हणजे धर्मग्रंथ वाचण्याचा चौथरा, वर बायकांसाठी सज्जा. देखभाल करणाऱ्या वयस्कर बाई मलिद्याच्या नैवेद्याविषयी बोलू लागल्या: भिजवलेले पोहे, गूळ, खोबरे, फळे आणि एलियाहू हन्नाबी या प्रेषिताचे नाव. आमच्याकडच्या सत्यनारायणाच्या प्रसादाचे कौतुक जसे चालते तसेच ते चालले होते. फुलब्राइट शिष्यवृत्तीवर भारतात परतलेल्या सियोना यांनी भारतीय ज्यूंची छायाचित्रे काढून त्यांवर रंग चढवले, ते का, हे मला या बाईंचा चेहरा पाहताना उमजले. नुसत्या छायाचित्रात पोह्यांचा वास कुठून येणार? (काळा घोड्याचे 1884 सालचे केनेसेथ एलियाहू मी दुपारी पाहिले. निळ्या रंगासाठी ओळखले जाणारे ते सिनेगॉग डागडुजीनंतर देखणे दिसते, पण ते बगदादी ज्यूंचे, म्हणजे इराककडून आलेल्यांचे, सासून घराण्याचे. तिथे मन रमले नाही.)

निघताना बाईंनी आडनाव विचारले.

"चौलकर."

"चेऊलकर आमच्यात पण आहेत," त्या म्हणाल्या, आणि चष्मा वर सारून माझ्याकडे नीट पाहत त्यांनी विचारले, "मग तुम्ही कुठले हो?"