व्यवसाय : खलाशी

आठवीत नाव दाखल करताना छापील अर्जात ‘पालकाचा व्यवसाय’ अशी एक रेघ होती. बाबांना सहीपुरतंच लिहिता येई, म्हणून ती रेघ मीच भरली : खलाशी. १९७४ चा जून महिना. हर्णैच्या वाळूवर होड्या शाकारून ठेवलेल्या, बाबा घरी, आणि घरात पैशाची ओढाताण. नारळी पौर्णिमेपर्यंत दरवर्षी असंच चालायचं, त्यामुळे त्यात विशेष काही वाटत नसे.

विशेष घडलं ते वर्गात. वर्गशिक्षक नवी हजेरी तयार करताना एकेकाचा अर्ज मोठ्यानं वाचत होते. माझ्या नावापुढे ‘खलाशी’ आलं आणि मागच्या बाकावरून आवाज आला, “खलाशी म्हणजे सगळं खलास झालेला!” वर्ग खो खो हसला. बोलणाऱ्याचे वडील होडीचे मालक होते आणि माझे बाबा त्यांच्याच होडीवर जायचे. एवढं सांगितलं नाही तर त्या हसण्याची धार कळायची नाही.

सर मराठी शिकवायचे. छडी त्यांच्याकडे होती, पण ती बहुतेक वेळा नकाशा दाखवायला दुसऱ्या वर्गात गेलेली असे. ते खुर्चीतून उठले नाहीत. “पुन्हा म्हण,” म्हणाले. तो गप्प. “अरे, व्युत्पत्ती सांगतोयस. चांगली गोष्ट आहे. पुरावा?” मग आम्हा दोघांनाही मधल्या सुट्टीत ग्रंथालयाच्या कपाटापाशी बोलावलं.

शिक्षा म्हणून मला का बोलावलं, हे तेव्हा कळलं नाही आणि रागही आला. कपाटात दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशाचे खंड होते. १९३२ ते १९३८ या सहा-सात वर्षांत निघालेले ते सात जाडजूड खंड आमच्या आधी कुणी उघडले असतील असं वाटत नव्हतं. शेजारी सरांचं स्वतःचं एक पुस्तक, पुठ्ठा सुटलेलं : माधव त्रिंबक पटवर्धनांचा फार्शी-मराठी कोश, १९२५ चा. हेच पटवर्धन म्हणजे कवी माधव जूलियन, हे सरांनी आम्हांला अशा थाटात सांगितलं की जणू आम्ही ते विचारायलाच आलो होतो.

त्या मधल्या सुट्टीत आम्हांला अरबी शब्दांचा कणा कळला. अरबीत बहुतेक शब्द तीन व्यंजनांवर उभे असतात आणि स्वर बदलले, मागेपुढे काही जोडलं की नवा शब्द होतो. हुकूम, हाकीम, हुकमत ही एकाच घरची भावंडं. तसं ख-ल-स असंही एक घर आहे. मूळ भाव सुटण्याचा, मोकळं होण्याचा, भेसळ जाऊन स्वच्छ उरण्याचा. खलास म्हणजे सुटलेला, मोकळा. “म्हणजे तुझ्या म्हणण्याप्रमाणे,” सर त्या मुलाला म्हणाले, “याचे वडील स्वतंत्र माणूस आहेत.” तो मुलगा माझ्याकडे बघायला लागला. मीही माझ्याकडेच बघायला लागलो.

त्या घरची माणसं सरांनी मग वर्षभर पुरवून पुरवून दाखवली. इतिहासाच्या तासाला ‘संस्थान खालसा झालं’ असं वाक्य आलं, १८४८ मध्ये सातारा, १८५४ मध्ये झाशी आणि नागपूर, की सर शेजारच्या वर्गातून येऊन दारात उभे राहत. खालसा म्हणजे मुळात शुद्ध, मध्ये कुणी जहागीरदार नसलेली, थेट सरकारच्या ताब्यातली जमीन. डलहौसीनं संस्थान खालसा केलं म्हणजे ते थेट कंपनी सरकारच्या खात्यात गेलं. आपल्या कानाला मात्र त्यात ‘खलास’च ऐकू येतं, आणि राजाच्या बाजूनं पाहिलं तर कानाचं फारसं चुकतही नाही. निखालस त्याच घरचा. गझल लिहिणाऱ्याचं तखल्लुस तिथलंच. ‘माधव जूलियन’ हेसुद्धा एक तखल्लुस, म्हणजे कोश करणाऱ्याचं टोपणनावही एका अर्थी त्या शब्दाच्या पोटात बसलं होतं, ही सरांची आवडती गंमत.

मखलाशीवर ते जास्त वेळ थांबले. आज आपण ‘काय मखलाशी केलीय!’ म्हणतो ते शब्दांचा चलाख पेच मारणाऱ्याला. पेशवाईच्या कागदांत मखलाशी म्हणजे अर्जावर किंवा यादीवर अधिकाऱ्यानं मारलेला निकाली शेरा. प्रकरण मोकळं झालं, हातावेगळं झालं, अशी ती खूण. असे शेरे लिहिणाऱ्या कारकुनांनी पुढे काय काय केलं असेल ते त्या शब्दाच्या आजच्या अर्थावरूनच ओळखावं.

आणि खुलासा. अरबी-फारसीत खुलासा म्हणजे सार, अर्क, थोडक्यात सांगितलेलं. मराठीत खुलासा म्हणजे लांबण लावून दिलेलं स्पष्टीकरण. त्या शब्दानं आपल्याकडे येऊन चक्क उलटी उडी मारली. बहुधा आपल्या कानात ‘खुलं करणं’ वाजत असावं. पुढे नोकरीत मला एकदा ‘तीन दिवसांत खुलासा सादर करावा’ अशी नोटीस आली. मी मूळ अर्थाला जागून चार ओळींत दिला. साहेबांनी परत पाठवला, ‘सविस्तर खुलासा’ मागत.

पण खलाशी? कोशात अर्थ होता, नौकेवरचा माणूस, तंबू ठोकणारा माणूस. पण मोकळ्या झालेल्या कैद्याचा शब्द बोटीवरच्या माणसाला कसा चिकटला, याचं उत्तर काही जुळेना. सर म्हणाले, “कोश लिहिणारे पुण्यात बसले होते. तू बंदरावर राहतोस. विचारून ये.”

मी जाळं सांधत बसलेल्या एका म्हाताऱ्या तांडेलाला विचारलं. तो हसला. म्हणाला, “नाखव्याची होडी, तांडेलाचं सुकाणू नि खलाश्याचा दोर. आणखी काय रं त्यात?” हे मी सरांना जसंच्या तसं सांगितलं. त्यांनी वहीत लिहून घेतलं आणि मला बदल्यात एक शब्द दिला : नाखवा हा फारसी नाखुदा, नाव अधिक खुदा, नावेचा धनी. घरी जाऊन बाबांना सांगितलं तर ते आडवे होईपर्यंत हसले. “म्हणजे आमचा नाखवा देवच की! वाटे पाडायच्या दिवशी वागतोही तसाच.”

दहावीनंतर मी डिप्लोमा केला आणि पाटबंधारे खात्यात लागलो. नेमणूक नगर जिल्ह्यात, प्रवरेच्या डाव्या कालव्यावर. पहिल्याच दिवशी साहेब म्हणाले, “दोन खलाशी घे आणि लेव्हल काढून आण.” मी दचकलो. समुद्र सह्याद्रीपलीकडे राहिलेला आणि इथे खलाशी? साखळी ओढणारे, स्टाफ म्हणजे उंची मोजायची पट्टी धरून उभे राहणारे, मुक्कामाला राहुट्या ठोकणारे, त्या सगळ्यांना खात्यात खलाशीच म्हणत. रेल्वेच्या कारखान्यांतही खलाशी असतात हे नंतर कळलं. लेव्हल म्हणजे जमिनीची पातळी काढायच्या जुन्या डंपी यंत्राच्या दुर्बिणीतून सगळं उलटं दिसतं. त्यामुळे माझ्या नोकरीतला पहिला खलाशी मी पाहिला तो डोकं खाली, पाय आभाळात, हातात लाल-काळ्या आकड्यांचा स्टाफ. संध्याकाळी त्यानं राहुटीच्या मेखेला दोर बांधला. ती गाठ बाबा होडी बांधताना मारायचे तीच होती. त्याला विचारलं, ही कुठे शिकलास, तर म्हणाला, “साहेब, गाठ काय शिकायची असते?”

मुंबईला एकदा फ्लोरा फाउंटनच्या फुटपाथवर हॉब्सन-जॉब्सन सापडला. हिंदुस्थानातल्या इंग्रजांच्या तोंडी रुळलेल्या देशी शब्दांचा हा कोश यूल आणि बर्नेल यांनी १८८६ मध्ये काढला आणि १९०३ मध्ये क्रुकनं त्यात भर घालून तो पुन्हा छापला. घासाघीस करून घेतला आणि उभ्याउभ्याच ‘ख’ शोधला. मिळेना, कारण इंग्रजांनी आमच्या खलाश्याचं ‘क्लासी’ करून ठेवलं होतं. शेवटी सापडला. तंबू ठोकणारा, मोजणीदाराचा साखळीवाला, देशी नावाडी, तोफखान्यातला मदतनीस. म्हणजे बाबा आणि माझा स्टाफवाला एकाच नोंदीत शेजारी शेजारी उभे! आणि पुढे प्रांजळ कबुली, की ‘सुटका’ या अर्थापासून हा अर्थ कसा आला ते स्पष्ट नाही. आठवीतल्या आमच्या प्रश्नापाशी साहेबही अडले होते.

त्यांनी एक तर्क दिलाय, कुणा विद्वान मित्राचा. जुन्या फारसीत खलाशा म्हणजे जहाजाचं सुकाणू, त्यावरून खलाशी. आता मी कुणी पंडित नाही, पण हा तर्क हर्णैच्या वाळूवर टिकायचा नाही. सुकाणू तांडेलाचं. खलाश्यानं त्याला हात लावला तर शिव्या बसतील. शिवाय ‘सुकाणू’ हाच शब्द अरबी सुक्कानवरून आपल्याकडे आलेला आहे. सुकाणूला एक शब्द समुद्रावरून आलेला असताना, दुसऱ्या शब्दावरून नाव पडावं ते नेमकं सुकाणू न धरणाऱ्याला, हे कसं?

क्रुकनं चौकटी कंसात आणखी एक पुस्ती जोडली आहे, ती वाचून मात्र अंगावर काटा आला. खलास म्हणजे कालव्याचं जादा पाणी सोडून द्यायची वाट, आणि खलाशी म्हणजे कदाचित मुळात त्या वाटेवरचा राखणदार. आम्ही त्याला एस्केप म्हणतो. वरून धो धो पाऊस येतो, शेतकरी आपापली दारं बंद करतात, कालवा तुडुंब भरतो. अशा वेळी एस्केपचं दार उचलून पाणी नाल्यात सोडलं नाही तर भराव फुटतो. मी हे रात्री दोन वाजता कंदिलाच्या उजेडात केलेलं आहे, आणि दार उचलायला माझ्याबरोबर होता तो खलाशीच. दोन दिवस मला क्रुकचंच खरं वाटलं. तिसऱ्या दिवशी वाटलं, की एस्केपवरचा माणूस आधी बोटीवर आणि मग तंबूपाशी कसा पोचेल? उलटा प्रवास जास्त सोपा.

माझा स्वतःचा तर्क दोराचा आहे. होडी, तंबू, साखळी, तोफ, या सगळ्यांत सारखं काय? दोर बांधणं आणि सोडणं. केरळात बेपूरचे खलाशी तर पिढ्यान्‌पिढ्या किनाऱ्यावरचेच. दोर आणि कप्प्या लावून उरू म्हणजे प्रचंड लाकडी जहाजं पाण्यात उतरवणं हे त्यांचं काम. १९८८ च्या जुलैत पेरुमण पुलावरून आयलंड एक्सप्रेसचे डबे अष्टमुडी तलावात पडले, तेव्हा ते ओढून काढायला याच माणसांना बोलावलं होतं. पाण्यावर न जाणाराही खलाशी असतो, पण दोराशिवाय खलाशी मला कुठे दिसला नाही. बांधलेलं मोकळं करतो तो खलाशी, असं का नसावं?

माझा एक वर्गबंधू कुवेतला तीस वर्षं होता. तिथे दिवसातून शंभरदा ‘खलास’ ऐकू येतं म्हणतो. बस, झालं, पुरे, आटपलं, सगळ्याला एकच. हा तोच मागच्या बाकावरचा. होडी त्याच्या वडिलांच्या हयातीतच गेली आणि तो आखातात गेला. गेल्या वर्षी आम्ही दोघं संध्याकाळी लिलाव बघायला बंदरावर उभे होतो. समोर सुवर्णदुर्ग, पाण्यात शिरलेल्या बैलगाड्या, आणि होड्यांवरून टोपल्या उतरवणारी पोरं आपसात नेपाळी बोलत होती. आता बरेचसे खलाशी तिकडचेच. डोंगरातली मुलं. इथे येईपर्यंत समुद्र पाहिलेला नसतो. मी एकाला विचारलं, तुझ्या आधार कार्डाशिवायच्या कागदांवर काय लिहितोस, काम कोणतं? तो म्हणाला, “खलासी.” मित्र माझ्याकडे बघून काही बोलला नाही. मग म्हणाला, “पुरावा?” आणि आम्ही दोघंही हसलो.

दोराचा तर्क मी सरांना कळवला होता, ते निवृत्त होऊन गावी राहायला गेल्यावर. चांगली सहा पानं लिहिली, बेपूर, कालवा, तांडेल, सगळं घालून. थोडी मखलाशीही केली होती, नाही म्हणत नाही. पंधरा दिवसांनी माझंच पत्र परत आलं. शुद्धलेखनाच्या दोन चुका तांबड्या शाईनं दुरुस्त केलेल्या. तांडेलाच्या वाक्याखाली रेघ, आणि समासात ‘हे उत्तम’. माझ्या तर्कापाशी मात्र एवढंच : ‘दोर सोडणाऱ्याला खलाशी म्हटल्याचा एखादा जुना कागद दाखव. मग बोलू.’

सर आता नाहीत. मोडी वाचायला मी निवृत्तीनंतर शिकलो. बंदराच्या जकातीचे जुने कागद मिळतील तिथे चाळतो. अजून सापडलेला नाही.

(माजी विद्यार्थी, शालान्त परीक्षा १९७७)